शेतकऱ्याच्या स्वयंपाकघरात कॅमेरा

गेल्या सेमिस्टरला आमच्या फिल्म क्लबने सेमिनार हॉलमध्ये एक फ्रेंच डॉक्युमेंटरी दाखवली. सुरू झाली तेव्हा हॉलमध्ये बत्तीस जण होते आणि संपली तेव्हा अकरा. मी मोजले, कारण प्रोजेक्टर बंद करून किल्ली वॉचमनकाकांना द्यायची ड्यूटी माझ्याकडे होती. नाहीतर खरं सांगते, मेस बंद व्हायच्या आत मीही सटकले असते.

लोक उठून जायला लागले तो प्रसंग असा. डोंगरातल्या एका खेड्यातलं घर. स्वयंपाकघरात टेबलापाशी एक म्हातारा शेतकरी सिगारेट ओढत बसला आहे. समोर टीव्ही चालू, टीव्हीवर कुणाचा तरी अंत्यविधी दाखवतायत. कॅमेऱ्यामागून एक माणूस काहीतरी विचारतो. म्हातारा एका शब्दात उत्तर देतो. पुन्हा प्रश्न, पुन्हा एकच शब्द. मग बराच वेळ काहीच नाही. शेवटच्या रांगेतून आवाज आला, "अरे फॉरवर्ड कर ना यार!" सगळे हसले. मीसुद्धा.

पण रात्री हॉस्टेलवर आल्यावर तो म्हातारा काही डोक्यातून जाईना. एवढं काय होतं त्यात? हे शोधता शोधता मी त्या दिग्दर्शकाचं मिळेल ते पाहिलं, मिळेल ते वाचलं, आणि मध्येच क्वार्ट्झ क्रिस्टल, मोटरचा स्पीड वगैरे चक्क आमच्या ब्रँचच्या गोष्टी सापडल्या. म्हणून हा लेख. सिनेमातले जाणकार कृपया हसू नयेत.

दिग्दर्शकाचं नाव रेमों देपार्दों. (फ्रेंच नावं देवनागरीत लिहिणं म्हणजे व्हायव्हाच आहे! चूकभूल द्यावी घ्यावी.) जन्म १९४२, फ्रान्समध्ये साओन नदीकाठच्या व्हिलफ्रांश या गावी. घरची शेती, शेताचं नाव गारे. वयाच्या बाराव्या वर्षापासून भावाच्या कॅमेऱ्यावर त्याने शेतावरचे फोटो काढले, आणि सोळाव्या वर्षी, म्हणजे १९५८ साली, तो पॅरिसला गेला. आधी एका फोटोग्राफरचा असिस्टंट, मग वृत्तपत्रांसाठी फोटो काढणारा. १९६६ साली मित्रांबरोबर 'गामा' ही फोटो एजन्सी काढली. पुढे 'मॅग्नम'मध्ये गेला. अल्जीरियाचं युद्ध पाहिलं, चाडच्या वाळवंटात बंडखोरांनी ओलीस ठेवलेल्या फ्रेंच बाईंची फिल्म काढली. १९७४ साली राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत जिस्कार देस्तँ यांच्याबरोबर कॅमेरा घेऊन फिरला. तो चित्रपट साहेबांना पसंत पडला नाही, आणि लोकांना तो पाहायला मिळाला थेट २००२ साली! २०१२ मध्ये राष्ट्राध्यक्ष ओलांद यांचा सरकारी कचेऱ्यांत लावायचा अधिकृत फोटोसुद्धा याच माणसाने काढला.

म्हणजे युद्ध पाहिलं, राष्ट्राध्यक्ष पाहिले, वाळवंट पाहिलं. राहिलं ते घरचं शेत. आपण शेतकऱ्याचा मुलगा आहोत याचा त्याला पॅरिसमध्ये बरीच वर्षं न्यूनगंड होता, असं त्याने नंतर स्वतःच सांगितलं आहे. दरम्यान त्या शेताच्या जमिनीतून हमरस्ता गेला, आजूबाजूला दुकानं-गोदामं आली. वडिलांचे पुरेसे फोटो आपण काढले नाहीत, ही रुखरुख त्याच्या लिहिण्या-बोलण्यात पुन्हा पुन्हा येते. १९९५ साली त्याने त्या शेतावर एक पुस्तक केलं. आणि मग, पन्नाशी उलटल्यावर, तो दुसऱ्यांच्या शेतांवर गेला. दुसऱ्यांच्या वडिलांकडे, असं म्हटलं तरी चालेल.

ते काम म्हणजे 'प्रोफील पेइझाँ' ही तीन चित्रपटांची मालिका. पहिला भाग २००१ सालचा, नावाचा अर्थ 'जवळ जाणं'. दुसरा २००५ चा, 'रोजचं जगणं'. तिसरा २००८ चा, 'आधुनिक जीवन'. आम्ही पाहिला तो हा. त्याला फ्रान्समधला मानाचा लुई देल्युक पुरस्कार मिळाला. तिन्ही मिळून जवळजवळ दहा वर्षं तो त्याच त्या घरांत पुन्हा पुन्हा जात राहिला. बरोबर पत्नी क्लोदीन नुगारे. ती साउंड रेकॉर्डिस्ट आणि निर्मातीही. (एरिक रोमेर यांच्या १९८६ च्या 'ल रेयों व्हेर'चं ध्वनिमुद्रण तिचं. साउंड म्हणजे मुलांचं काम, असं आमच्या लॅबमध्ये समजतात, म्हणून मुद्दाम सांगितलं.)

नावातल्या 'पेइझाँ' या शब्दावर थोडं थांबायला हवं. डिक्शनरीत अर्थ शेतकरी. मूळ शब्द 'पेई', म्हणजे मुलूख, प्रदेश. त्या मुलखाचा तो पेइझाँ. पण फ्रेंच लोक हाच शब्द शिवी म्हणूनही वापरतात, आणि तेव्हा त्याचा अर्थ आपल्या 'गावठी'च्या जवळ जातो. गंमत बघा, आपल्याकडे कोंबडी गावठी असली की महाग आणि माणूस गावठी असला की स्वस्त! आपल्या कॉरिडॉरमध्ये हा शब्द दिवसातून किती वेळा ऐकू येतो ते कुणीही मोजून बघावं. फर्स्ट इयरला असताना माझ्या तोंडूनही गेला आहे, आणि ज्या मुलीला उद्देशून गेला ती हे वाचणार आहे.

आता मुख्य मुद्दा. खेड्यावर फिल्म काढणं यात नवीन काय? आपल्याकडे सरकारचं फिल्म्स डिव्हिजन १९४८ साली सुरू झालं (२०२२ मध्ये ते एनएफडीसीत विलीन झालं). थिएटरमध्ये मुख्य सिनेमाच्या आधी त्यांची डॉक्युमेंटरी दाखवणं बंधनकारक असायचं. माझी आई त्यातल्या आवाजाची नक्कल फार छान करते. घुमणारा आवाज सांगणार, शेतकरी आता नवी बियाणी वापरतो, त्याच्या चेहऱ्यावर समाधान आहे. आणि पडद्यावर शेतकरी हसणार. तो स्वतः काय म्हणाला हे कुणालाच ऐकू येणार नाही, कारण त्याचा आवाज बहुतेक वेळा रेकॉर्डच केलेला नसायचा. हा दोष फक्त आपला नव्हता, सगळ्या जगात असंच चालायचं. आणि त्याचं मोठं कारण तांत्रिक होतं.

चित्र काढणारा कॅमेरा आणि आवाज टिपणारा टेपरेकॉर्डर ही दोन वेगळी यंत्रं. कॅमेऱ्यातून सेकंदाला २४ फ्रेम जायला हव्यात. मोटरचा वेग थोडा जरी सरकला तरी ओठ आधी हलतात आणि शब्द मागून येतो. हिशोब करून पाहा. दहा मिनिटांत १४,४०० फ्रेम होतात. तेवढ्या वेळात एका फ्रेमचीही चूक नको असेल तर वेगातली चूक १४,४०० त एक, म्हणजे साधारण दहा लाखांत सत्तर भाग, यापेक्षा कमी हवी. साध्या मोटरला हे जमत नाही. म्हणून सुरुवातीला कॅमेरा आणि रेकॉर्डर एका केबलने जोडत. कॅमेऱ्याची मोटर जशी फिरेल तशी खूण टेपवर उमटायची आणि नंतर ती जुळवून घ्यायची. पण केबलने बांधलेली दोन माणसं शेतकऱ्याच्या घरात शिरली की घर घर राहत नाही, शूटिंग होतं. त्यात कॅमेऱ्याची घरघर बंद करायला जाडजूड पेटी, आणि दिवे.

१९६० च्या आसपास हे बदललं. स्टेफान कुदेल्स्की यांचा नाग्रा हा खांद्याला लटकवता येणारा रेकॉर्डर आला, हलके आणि कमी आवाज करणारे कॅमेरे आले. अमेरिकेत रॉबर्ट ड्र्यू, रिचर्ड लीकॉक आणि मंडळींनी १९६० साली केनेडींच्या प्रचारावर 'प्रायमरी' काढली; फ्रान्समध्ये जाँ रूश आणि एडगर मोरँ यांनी १९६० साली पॅरिसच्या रस्त्यावर लोकांना गाठून बोलतं केलं. आणि मग आला आपला माणूस, जाँ-पिएर बोव्हियाला. ग्रनोब्लच्या युनिव्हर्सिटीत इलेक्ट्रॉनिक्स शिकवायचा. त्याला स्वतःला एक फिल्म काढायची होती आणि केबलचा वैताग आला होता. म्हणून त्याने कॅमेऱ्याच्या मोटरचा वेग क्वार्ट्झ क्रिस्टलला बांधला. रेकॉर्डरलाही तसाच क्रिस्टल. आता दोघांच्या मध्ये तार नको; दोघंही आपापल्या घड्याळावर चालतील आणि शेवटी जुळतील. हातातल्या घड्याळात सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरणारा क्रिस्टल असतो तो याच जातीचा. १९७१ साली बोव्हियालाने 'आतों' ही कंपनी काढली. त्याचा कॅमेरा खांद्यावर मांजर बसावं तसा बसायला हवा, असा त्याचा आग्रह होता. थर्ड इयरला ऑसिलेटर शिकताना हे कुणी सांगितलं असतं तर माझी केटी लागली नसती (हे सरांनी गंमतीत घ्यावं).

देपार्दोंचा २००८ चा चित्रपट याच आतोंच्या तेव्हा अगदी नव्या कॅमेऱ्यावर काढलेला आहे. नाव 'पेनेलोप'. त्याचं वैशिष्ट्य असं. ३५ मिलिमीटर फिल्मवर एरवी एक फ्रेम चार छिद्रांएवढी, म्हणजे १९ मिमी उंच असते. चारशे फुटांचं, म्हणजे १२२ मीटरचं रीळ सेकंदाला २४ फ्रेमने ४ मिनिटं २७ सेकंदांत संपतं. कबूल करा, कमी बोलणाऱ्या म्हाताऱ्याला पहिलं वाक्य बोलायलाच तेवढा वेळ लागतो! पेनेलोपमध्ये फ्रेम दोनच छिद्रांची करता येते. चित्र आडवं, रुंद मिळतं आणि तेच रीळ ८ मिनिटं ५३ सेकंद चालतं. वेळ दुप्पट. पण अमर्याद नाही, हे लक्षात ठेवा. आपल्या मोबाइलसारखं चालू करून ठेवलं आणि चहाला गेलं, असं करता येत नाही. बटण कधी दाबायचं हे ठरवायला आधी कॅमेरा बंद ठेवून खूप वेळ त्या घरात बसावं लागतं. फिल्म महाग, म्हणून बसणं जास्त.

आणि देपार्दों बसतो. पहिल्या भागाचं नाव 'जवळ जाणं' आहे ते काही उगाच नाही. हे लोक दक्षिण फ्रान्सच्या डोंगराळ पट्ट्यातले. लोझेर, आर्देश अशा जिल्ह्यांतले. लोझेर हा मुख्य फ्रान्समधला सगळ्यात कमी वस्तीचा जिल्हा, अख्ख्या जिल्ह्यात लाखभरही माणसं नाहीत. चार-दोन गाई, मेंढरांचा कळप, दगडी घरं. परका माणूस आला की चूल, टेबल आणि कॉफी यापलीकडे त्याला लवकर कुणी आत घेत नाही. म्हणून यातले बरेचसे प्रसंग स्वयंपाकघरात आहेत. कॅमेरा स्टँडवर, टेबलाच्या दुसऱ्या टोकाला, पाहुण्याची खुर्ची असते तिथे. तो हलत नाही, झूम करत नाही. एरवी हाच माणूस कॅमेरा खांद्यावर घेऊन राष्ट्राध्यक्षांच्या मागे पळालेला.

'निरीक्षणात्मक' म्हटलं की आपल्याला वाटतं कॅमेरा भिंतीवरच्या माशीसारखा लपून बसलेला असेल. देपार्दोंच्या आधीच्या काही चित्रपटांत तसं आहेही. पण इथे तो लपत नाही. कॅमेऱ्यामागून त्याचा आवाज येतो. तो विचारतो, गाई किती राहिल्या, विकणार का, तब्येत कशी आहे. काही प्रश्न तर अगदी बावळट वाटतात, आणि मला स्पष्ट सांगायचं तर एक-दोन ठिकाणी त्याचा रागही आला. समोरच्याला बोलायचं नाहीये हे दिसतं तरी हा विचारतच राहतो. पण उत्तर आलं नाही तर तो कापत नाही. ते न आलेलं उत्तर तसंच ठेवतो.

तिसऱ्या भागात ऐंशी ओलांडलेले दोन भाऊ आहेत, दोघंही बिनलग्नाचे. मेंढरं राखतात. शेत चालवतो त्यांचा चाळिशीतला पुतण्या. त्याने वर्तमानपत्रातल्या जाहिरातीतून लग्न जमवलं. बायको थेट उत्तर फ्रान्समधून आली, सोबत आधीच्या लग्नाची मुलगी. दोघा काकांना हे मान्य नाही. ते तसं मोठ्याने म्हणत नाहीत. सून बोलते तेव्हा ते दुसरीकडे बघतात, बास. आपल्याकडच्या सिरियलमध्ये याचे तीनशे एपिसोड झाले असते आणि प्रत्येकात कुणीतरी जिन्यावरून पडलं असतं. इथे एक माणूस नजर वळवतो आणि आपल्याला पुढची पाच वर्षं दिसतात.

दुसऱ्या एका घरात म्हातारं जोडपं आहे. बाई कॉफी घ्या, बिस्कीट घ्या म्हणून मागे लागते, आणि त्याच सुरात गाई विकण्याची गोष्ट निघते. आणखी एका घरातला धाकटा मुलगा. भावंडांतला तोच शेतावर राहिला आणि त्याला हे काम मनापासून आवडत नाही. हा मुलगा पाहताना हॉलमधल्या अकरांपैकी तिघं-चौघं खुर्चीत सावरून बसले. ते कुणाची मुलं आहेत आणि त्यांच्या मागे घरी कोण राहिलंय हे मला माहीत आहे, म्हणून लक्षात आलं.

आणि तो सिगारेटवाला. टीव्हीवर चाललेला अंत्यविधी आबे पिएर या पाद्र्याचा होता. बेघरांसाठी काम करणारे म्हणून ते फ्रान्समध्ये घराघरांत माहीत होते. जानेवारी २००७ मध्ये वारले. (त्यांच्यावरचे लैंगिक अत्याचाराचे आरोप २०२४ साली बाहेर आले. आज तो प्रसंग पाहताना ते आठवतंच, पण २००७ साली त्या टेबलावर ते कुणालाच ठाऊक नव्हतं.) म्हातारा एकटा राहतो. तो टीव्ही बघतोय, आपण त्याला बघतोय. तो रडत नाही, भाष्य करत नाही. पॅरिसमध्ये चाललेला मोठा समारंभ आणि हे स्वयंपाकघर यांच्यामध्ये जेवढं अंतर आहे तेवढं त्या गप्प बसण्यात आहे. फॉरवर्ड केलं तर नेमकं तेच जातं. हे मला दुसऱ्यांदा पाहिल्यावर कळलं, पहिल्यांदा मी हसलेच होते.

तुलनेसाठी एक जुना चित्रपट सांगते. लोझेरच्या शेजारच्या अव्हेरों जिल्ह्यातल्या एका शेतावर जॉर्ज रुकिए यांनी १९४६ साली 'फारबीक' काढला. शेत त्यांच्या नातेवाइकांचंच. माणसं खरी, घर खरं, वर्षभराचं शूटिंग. पण प्रसंग ठरवून करवून घेतलेले. त्यात आजोबा मरतात, आणि ते मरण आजोबांनी कॅमेऱ्यासमोर चक्क करून दाखवलेलं आहे! १९८३ मध्ये रुकिए पुन्हा त्याच माणसांकडे गेले आणि दुसरा चित्रपट काढला. मला दोन्ही पद्धतींत खोटं कुणीच वाटत नाही. फक्त, देपार्दोंचा दुसरा भाग एका शेतकऱ्याच्या अंत्ययात्रेने सुरू होतो, आणि तो शेतकरी पहिल्या भागात आपल्याशी बोललेला असतो. हे ठरवून होत नाही. त्यासाठी चार वर्षांनी परत यावं लागतं.

एक तक्रार मात्र नोंदवायलाच हवी. देपार्दोंने निवडले ते सगळे डोंगरातले, छोटे, बहुतेक म्हातारे शेतकरी. पॅरिसच्या जवळ बोसच्या सपाट मैदानात मोठमोठे ट्रॅक्टर घेऊन गहू पिकवणारेही शेतकरीच, ते इथे दिसत नाहीत. त्यामुळे फ्रान्सची शेती म्हणजे नुसता सूर्यास्त असं वाटू शकतं, त्यात गॅब्रिएल फोरे यांचं संगीत! पण आकडेही त्याच्या बाजूचे आहेत. फ्रान्समध्ये १९५५ साली सुमारे २३ लाख शेतं होती. २००० साली साडेसहा लाखांच्या आसपास. २०२० च्या गणनेत मुख्य फ्रान्समध्ये चार लाखांपेक्षा कमी. जमीन कुठे गेली नाही, ती एकमेकांत मिळाली, माणसं गेली. हे सगळं होताना कुणीतरी टेबलापाशी बसून होतं, एवढंच देपार्दोंने केलं.

आता भाषेबद्दल, कारण मला सगळ्यात जास्त लागलं ते इथे. ते दोघे भाऊ अधूनमधून फ्रेंच सोडून दुसरंच काहीतरी बोलतात. ती ऑक्सितान. दक्षिण फ्रान्सची जुनी भाषा, फ्रेंचची बोली नव्हे, वेगळीच. पूर्वी शाळेत मुलं ही भाषा बोलली की त्यांच्या हातात एक लाकडाचा तुकडा किंवा असंच काहीतरी देत. ज्याच्याकडे ते असेल त्याने दुसऱ्या कुणाला तरी ती भाषा बोलताना पकडायचं आणि तुकडा त्याच्या गळ्यात घालायचा. संध्याकाळी ज्याच्याकडे उरेल त्याला शिक्षा. या सगळ्यातून जे मनात बसलं त्याला ऑक्सितानमध्ये एक शब्द आहे, 'व्हेरगोन्या'. म्हणजे लाज. २००८ मध्येच देपार्दोंने क्लोदीनबरोबर आणखी एक छोटी फिल्म केली, 'दोने ला पारोल'. त्यात संपत चाललेल्या भाषा बोलणारी जगभरची माणसं आपापल्या भाषेत बोलतात. याच्या यादीत बोलिव्हियाचे चिपाया, अॅमेझॉनचे यानोमामी यांच्याबरोबर फ्रान्सचे ब्रेटन आणि ऑक्सितान बोलणारेही आहेत. स्वतःच्या देशातली माणसं त्याने त्याच रांगेत बसवली.

माझी शाळा कॉन्व्हेंट. वर्गात मराठी बोललं की एक रुपया दंड, आणि दंड गोळा करायला मुलांमधूनच मॉनिटर. शाळेने शिकवलं खूप, त्याबद्दल तक्रार नाही. पण दुसरीत असताना एकदा माझे आजोबा, म्हणजे आबा, गावाहून आले आणि मला न्यायला गेटवर उभे राहिले. त्यांनी विचारलं, "डबा खाल्लास का?" मॉनिटर शेजारीच होता. मी म्हणाले, "येस." रस्त्यावर आल्यावर त्यांनी कारण विचारलं आणि मी दंडाचं सांगितलं. त्यानंतर आबा जेव्हा जेव्हा गेटवर आले तेव्हा एक अक्षर बोलले नाहीत. हाताने खूण करायचे. ये. दप्तर दे. चल. मला रुपया पडू नये म्हणून. तेव्हा मला ते फार सोयीचं वाटलं होतं.

चित्रपट पाहण्याच्या आधी, उन्हाळ्याच्या सुट्टीत, मी गावी (माण तालुका, जिल्हा सातारा) आबांवर मोबाइलने फिल्म काढायचा प्रयत्न केला होता. कॅमेरा पाहिल्याबरोबर ते आत गेले, धुतलेला सदरा आणि टोपी घालून आले, ओट्यावर ताठ उभे राहिले आणि टीव्हीच्या बातमीदाराला द्यावी तशी बाइट दिली: "नमस्कार. मी एक सामान्य शेतकरी आहे. आमच्या भागात पावसाचं प्रमाण कमी असून..." 'असून'! आबा आयुष्यात कधी 'असून' म्हणाले नव्हते. अशी दोन तासांची क्लिप आहे माझ्याकडे आणि तिच्यात आबा नाहीत.

दिवाळीत पुन्हा गेले. या वेळी पहिले तीन दिवस मोबाइल बाहेरच काढला नाही. चौथ्या दिवशी दुपारी आबा पडवीत खताच्या पोत्याचे धागे काढून म्हशीसाठी दावं वळत बसले होते. मी मोबाइल समोरच्या कणगीला टेकवून ठेवला, त्यांना सांगितलं की चालू आहे, आणि ८ मिनिटं ५३ सेकंदांचा टायमर लावला. पेनेलोपच्या रिळाएवढा. संपला की बंद, मग काहीही चालू असो.

पहिली चार मिनिटं नुसतं वळणं. दोन्ही हात, एक पायाचा अंगठा. मग मला राहवलं नाही आणि मी देपार्दोंपेक्षाही बावळट प्रश्न विचारला: "आबा, शेती आवडते का हो तुम्हाला?"

"आवडाय ती काय जिलेबी हाय?" वर न बघता.

पुन्हा वळणं. आत आजीची भांडी. पुढचा प्रश्न मी जिभेवरून मागे घेतला, क्लिपमध्ये माझा श्वास तेवढा ऐकू येतो. सातव्या मिनिटाला आबांनीच विचारलं, "तुज्या त्या हॉस्टेलात मराठी बोलाय देत्यात न्हवं?"

"देतात की."

"मंग झालं." आणि दाव्याला गाठ मारून त्यांनी ते दोन्ही हातांनी ताणून पाहिलं. त्यानंतर टायमर वाजेपर्यंत कुणीच काही बोलत नाही.

ही क्लिप मी अजून कुणाला दाखवलेली नाही. देपार्दोंचा तिसरा भाग मात्र क्लबच्या हार्ड डिस्कवर आहे, सबटायटल्स इंग्रजी, लांबी दीड तास. परीक्षा संपल्यावरच्या शनिवारी रेक्टर मॅडमनी टीव्ही रूम द्यायचं कबूल केलंय. मेसवाल्या मावशींनाही बोलावलंय, त्यांच्या घरी मेंढरं आहेत, त्यांना त्यातलं आपल्यापेक्षा जास्त कळेल. रिमोट माझ्याकडे राहील.